बारा सव्वीसची टोपी

टोपी पांढरी, टेरिकॉटची, बावीस नंबर.

धर्मेंद्र मोटारींचं रिवायंडिंग उत्तम करतो. त्याबद्दल माझं कधीच दुमत नव्हतं.

शुक्राचा अस्त होता.

लेंग्याची नाडी आत गेली तर तिच्या टोकाला सेफ्टी पिन लावावी आणि नेफ्यातून हळूहळू पुढे सरकवावी. घाई करू नये.

रकाना क्रमांक सात : वराचे नाव.

"सर, हा सिद्धांत कोणत्या पक्षाचा?"

धानोऱ्यात आमच्या दारापासून छगनच्या दारापर्यंत दोनशे अकरा पावलं आहेत. ते दार लागू नये म्हणून मी पाच वर्षं मागच्या बाजूने जात होतो. त्या बाजूने त्याच्या घरापलीकडे निघायला एक हजार चारशे.

*

आता सरळ सांगतो. मी नवनीत, निवृत्त विज्ञान शिक्षक. काळ सरळ पुढे जात नाही, तो वळून स्वतःकडे येतो, हे मी सिद्ध केलेलं आहे. कागदावर. कागद त्रेचाळीस आहेत. एका विज्ञानविषयक मासिकाकडे पाठवले, त्यांचं उत्तर आलं : "आपले पत्र पोहोचले." त्यांनी मजकुरात एकही चूक दाखवली नाही, ही गोष्ट मी अजून कुणाला नीट पटवून देऊ शकलेलो नाही.

सिद्धांत साधा आहे. लोक काळाला बाण समजतात. काळ म्हणजे लेंग्याची नाडी. एका भोकातून आत गेली की कमरेला वळसा घालून ती पहिल्या टोकाच्या शेजारीच बाहेर येते. आत असताना दिसत नाही, म्हणून ती लांब गेली असं वाटतं. आता एखाद्या क्षणी जे जे होतं ते सगळं जर पुन्हा तंतोतंत जुळवलं, म्हणजे तीच जागा, तीच माणसं, तोच वार, तोच आवाज, तर दोन्ही टोकं शेजारी येतात. मग माणसाला या टोकावरून त्या टोकावर पाय ठेवता येतो आणि तिथे जे बिघडवलं ते न बिघडवता परत येता येतं.

हे मी प्रमिलाबाईंना, म्हणजे आमच्या सौभाग्यवतींना, पहिल्यांदा सांगितलं तेव्हा त्या वांगी चिरत होत्या. त्या म्हणाल्या, "म्हणजे तुम्हाला छगनभाऊजींशी बोलायचंय."

विज्ञानाची अशी हेळसांड घरापासून सुरू होते.

*

१२.२६

आमच्याकडे लग्नात मंगलाष्टकांच्या आधी टॉवेल-टोपी होते. मांडवात माइकवरून एकेकाचं नाव पुकारतात, तो माणूस स्टेजवर जातो, मुलीचा बाप त्याच्या खांद्यावर टॉवेल टाकतो, डोक्यावर टोपी ठेवतो, हातात नारळ देतो. मुहूर्त टळला तरी चालतो, नाव टळून चालत नाही. आणि कुणाचं नाव कितवं आलं हे गाव दहा वर्षं लक्षात ठेवतं.

१२ मे २०१९, रविवार. छगनच्या रुचिकाचं लग्न. छगन आणि मी बालवाडीपासून एका फडक्यात भाकरी बांधलेले. रुचिकाला तीन वर्षं विज्ञान मी शिकवलेलं. त्या दिवशी पहाटेपासून पाण्याच्या टँकरजवळ मी उभा. माइकवर वाहरू होता, आमच्या शाळेचा तेव्हाचा शिपाई; पंचक्रोशीत त्याच्याइतका भारदस्त आवाज नाही. वाहरूने नावं पुकारायला घेतली. मी पहिल्या रांगेत बसून शर्टाची कॉलर सारखी केली. पाचवं नाव झालं. दहावं झालं. वीस झाली. शहाद्याचे कोणी व्यापारी झाले, विसरवाडीचे ट्रकवाले झाले. अठ्ठाविसावं नाव धर्मेंद्रचं आलं, मोटार रिवायंडिंगवाल्या धर्मेंद्रचं.

एकोणतिसावं माझं.

मी वर गेलो. छगनने टोपी माझ्या डोक्यावर ठेवली. मी ती काढली, त्याच्या हातात परत दिली आणि म्हणालो, "मोटारवाल्यालाच दोन द्या." माइक चालू होता. चार कर्ण्यांतून ते वाक्य हमरस्त्यापर्यंत गेलं. मी स्टेजवरून उतरलो, चपला घातल्या आणि न जेवता घरी आलो.

आमच्याकडे मुलीच्या बापाला टोपी परत देणं म्हणजे काय, हे बाहेरच्यांना समजावून सांगता येणार नाही. तुमच्याकडे जे सर्वांत वाईट असेल ते धरून चाला.

*

शेजारच्या शोभाबाई रोज सकाळी आमच्या ओट्यावर येतात. त्यांना मी सिद्धांत पूर्ण सांगितला, नाडीसकट.

"सर," त्या म्हणाल्या, "त्यानं घर दोनशे पावलंवर शे. चालत जा, चुकनू म्हना, चहा पीसन या."

"शोभाबाई, चुकलो म्हटल्याने झालेली घटना पुसली जाते का? घटना तशीच राहते. मला घटनाच काढून टाकायचीय."

"आनि छगनभाऊ तठे कसा येई? तुम्ही बलावशात?"

"बोलवायचं नाही. परिस्थिती जुळली की तो आपोआप येईल."

"आपोआप तं म्हैस बी घर येत नही, सर. हाक मारनी पडस."

मी त्यांच्याशी पुढे वाद घातला नाही. भौतिकशास्त्रात म्हशीला स्थान नाही.

तारीख मात्र चमत्कारिक जुळली. २०२४ साली १२ मे पुन्हा रविवारी येत होती. त्याहून विशेष म्हणजे २०१९च्या त्या लग्नात लोकसभेची आचारसंहिता चालू होती आणि या वर्षीही होती. आमच्याकडचं मतदान नेमकं १३ तारखेला, सोमवारी. काळ स्वतःहून अर्धं काम करून देत होता. उरलेलं अर्धं मला करायचं होतं, आणि त्यासाठी मांडव लागत होता.

*

मांडववाला अजित. २०१९चा मांडव त्याचाच, व्हिडिओ शूटिंगही त्याचंच. त्याने मला पेन ड्राइव्हवर तो प्रसंग काढून दिला होता आणि मी तो निदान चाळीस वेळा पाहिला होता. पडद्याच्या कोपऱ्यात वेळ येते. १२.२६ला मी टोपी परत देतो. तिथे मी थांबवतो. माणसाने स्वतःचा अपमान पुनःपुन्हा पाहिला की त्याला सवय होते असं म्हणतात. होत नाही.

"तोच मांडव, तेच मैदान, पिवळ्या झालरी, स्टेज पूर्वेला," मी म्हणालो.

अजित खूश झाला. शुक्र-गुरूच्या अस्तामुळे मुहूर्त नव्हते आणि मे महिना कोरडा चालला होता. "लगावी देऊत, सर. कोनं लगीन शे?"

"कुणाचंच नाही."

त्याने जरा विचार केला. "बरं. मग थर्माकोलवर नाव काय लिखू?"

"काही लिहू नकोस."

"नुसता बदाम लाई देस," तो म्हणाला आणि निघून गेला. पुढच्या गैरसमजाचा पहिला दगड हा बदाम.

दुसरा दगड मी स्वतः ठेवला. लाउडस्पीकरला परवानगी हवी, म्हणून नंदुरबारला गेलो. कार्यालयाचं नाव सांगत नाही; खिडकीतला माणूस सज्जन होता, त्याच्यावर बालंट नको. तीन खिडक्या झाल्या, मधे जेवणाची सुट्टी झाली, मग हा माणूस भेटला. अर्जात 'समारंभाचे स्वरूप' असा रकाना होता. मी लिहिलं : 'काळ वळवणे.'

त्याने चष्मा वर केला. "हे 'इतर'मध्ये जाईल. 'इतर'ला निवडणूक शाखेचं ना-हरकत लागेल. ते मतदान झाल्यावर मिळेल."

"मतदान तेराला आहे. माझा कार्यक्रम बाराला आहे."

"मग काळ जरा पुढे ढकला."

"तो तसा ढकलता येत नाही. तोच तर—"

"हे बघा गुरुजी, लग्न लिहा. लग्नाला लगेच मिळते."

मी लग्न लिहिलं. खोटंही नव्हतं, एका लग्नाचाच तो भाग होता. मग सातवा रकाना आला. मी तो रिकामा सोडला.

"वर पाहिजे," तो म्हणाला.

"आणि वधू?"

"वधू मागाहून जोडता येते. आधारची झेरॉक्स आणा. पण वराशिवाय अर्ज पुढे सरकत नाही." आणि माझ्यामागे अकरा माणसं उभी आहेत हे पाहून त्याने पेन उचललं आणि अर्जदाराचं नाव जसंच्या तसं सातव्या रकान्यात उतरवलं. "तात्पुरतं," तो म्हणाला.

अर्जाची प्रत ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लागते, हे मला ठाऊक नव्हतं.

*

बुधवारी गावात काय बोललं जात होतं ते शोभाबाईंकडून कळलं. एक : नवनीत सर दुसरं लग्न करताहेत. दोन : तेही शुक्राच्या अस्तात, म्हणजे घाई केवढी असेल. तीन : मुलगी गुजरातकडची आहे. हे तिसरं कुठून आलं याचा मला आजवर पत्ता लागलेला नाही. मुळात नसलेल्या बाईला गाव कोण देतं?

मी घरी येऊन प्रमिलाबाईंना म्हणालो, "लोक काय वाटेल ते बोलताहेत."

"ऐकलंय," त्या म्हणाल्या. "जेवायला किती माणसं धरू?"

"जेवण नाहीये. प्रयोग आहे."

"धानोऱ्यात मांडव पडल्यावर चूल पेटली नाही, तर टोपीचं राहू द्या, हे पन्नास वर्षं बोलतील." आणि त्यांनी वरण-बट्टीचा अंदाज स्वतःच काढला. अडतीस वर्षांच्या संसारात त्यांनी मला एवढा मोठा पाठिंबा कधी दिला नव्हता, पण तो देताना त्या माझ्याकडे ज्या नजरेने पाहत होत्या ती मला विशेष आवडली नाही. शाळेत ढ मुलाला गणित आपणच सोडवून देताना मी तसा पाहायचो.

शेवटी वाहरू. तो आता निवृत्त होऊन वरच्या आळीत राहतो. त्याच्याकडे त्या दिवशीची डायरी होती. वाहरू आयुष्यात पुकारलेलं एकही नाव फेकत नाही. एकतीस नावं. त्याने बोट फिरवत फिरवत चार ठिकाणी थांबून सांगितलं, "हाई वारनात, सर. आनि हाई बी. हाई करोनामा गयात."

परिस्थिती तंतोतंत जुळणं इथेच संपत होतं. याचा हिशेब माझ्या त्रेचाळीस पानांत कुठेही नव्हता.

वाहरूने डायरी मिटली. "पुकारसूत ना. पोरे येतीन वर."

"तसं चालेल?"

"माइकवर चालस," वाहरू म्हणाला.

*

रविवारी साडेअकराला मांडव भरला. उन्हाने चपलांचे तळ चिकटत होते, तरी बायका नटून आल्या होत्या, कारण त्यांना नवरी पाहायची होती. पुरुष गंभीर चेहऱ्याने आले होते, कारण त्यांना मी कसा दिसतो ते पाहायचं होतं. मी २०१९चाच शर्ट घातला होता. पोटावरचं एक बटण लागत नव्हतं. तेवढा दोष सिद्धांताने पोटात घ्यावा अशी अपेक्षा होती. छगन आला नव्हता.

त्याऐवजी बाराला पाच कमी असताना एक सरकारी जीप आली. भरारी पथक. एक तरुण अधिकारी, एक हवालदार, एक कॅमेरावाला.

अधिकाऱ्याने स्टेजवरचा ढीग पाहिला. "हे काय?"

"टॉवेल. एकतीस. आणि टोप्या एकतीस, आणि नारळ."

"उद्या मतदान आहे हे माहीत आहे ना? नवरदेव कुठे आहे?"

"नवरदेव नाही."

त्याने परवानगीचा कागद पाहिला, मग माझ्याकडे, मग पुन्हा कागदाकडे. "इथे तुमचं नाव आहे."

"ते तात्पुरतं आहे." आणि मी त्याला काळाबद्दल सांगितलं. नाडीचा दाखलाही दिला. हवालदाराने नकळत स्वतःच्या पट्ट्याला हात लावला.

अधिकारी शांतपणे ऐकत होता. सगळं झाल्यावर म्हणाला, "सर, हा सिद्धांत कोणत्या पक्षाचा?"

"कोणत्याच नाही."

"अपक्ष," त्याने कॅमेरावाल्याला सांगितलं.

पंचनामा झाला. तो मी वाचला आहे. 'सदर वस्तूंचे प्रयोजन : काळ मागे नेणे (अर्जदाराच्या सांगण्यावरून).' माझ्या सिद्धांताची सरकारदरबारी झालेली ही एकमेव नोंद. मग टॉवेल, टोप्या आणि नारळ पोत्यांत भरून त्यांवर लाखेचं सील ठोकलं. मंगळवारी येऊन घेऊन जा म्हणाले. लोकांना मात्र जेवू द्यायला हरकत नाही, असं अधिकाऱ्याने वासावरून ठरवलं आणि तो खुर्ची ओढून बसला. कॅमेरा चालूच होता.

मी घड्याळ पाहिलं. बारा वाजून पंधरा. टॉवेल नाही, टोपी नाही, छगन नाही. मी वाहरूला खूण केली की राहू दे. वाहरूने ती खूण सुरू करण्याची समजली की मुद्दामच समजली नाही, हे मी कधी विचारलं नाही. त्याने माइकवर फुंकर मारली.

"सन्माननीय..."

नावं सुरू झाली. लोक एकेक वर जाऊ लागले, रिकाम्या हातांना नमस्कार करून उतरू लागले. वारलेल्या चौघांची नावं आली तेव्हा मुलगे उठले. एकाचा मुलगा सुरतेला कामाला असतो. त्याच्या वतीने त्याची आई उठली, पदर सारखा करून वर गेली आणि खाली आली. पथकवालेही उभे राहिले.

सत्ताविसाव्या नावाला मैदानाच्या टोकाकडून आरोळी आली.

"थांबाडा हाई!"

छगन. धोतर खोचलेलं, डोक्यावर टोपी, चेहरा लाल. पाच वर्षांत त्याचे टोपीच्या कडेचेही केस गेले होते, हे मी मागच्या बाजूने जात असल्याने मला ठाऊक नव्हतं.

तो सरळ स्टेजवर आला. "अरे नवन्या! सरम शे का काही तुले? साठी उलटनी तुन्ही! वैनी घरमा शे आनि तू अस्तमा बाशिंग बांधी ऱ्हायना? कोठे शे ती नवरी? नवरी कोठे शे?"

"नाहीये," मी म्हणालो.

"पळनी का?"

प्रमिलाबाई चुलीकडून झारा घेऊन आल्या. "भाऊजी, बसा. बट्ट्या होतच आल्यात."

छगन त्यांच्याकडे पाहत राहिला. "वैनी, तुम्ही रांधी ऱ्हायनात? याना लगीनमा?" आणि मग जवळजवळ रडवेला होऊन म्हणाला, "मी शे ना, वैनी. माले हाक मारती तं."

"सन्माननीय धर्मेंद्रभाऊ," वाहरू म्हणाला. "अठ्ठावीस."

*

१२.२६

धर्मेंद्र वर आला, नमस्कार करून उतरला. एकोणतिसावं माझं. मी स्टेजवरच होतो. चार कर्ण्यांतून माझं नाव हमरस्त्यापर्यंत गेलं.

आता प्रयोगाचं निरीक्षण प्रामाणिकपणे नोंदवतो. मला पुन्हा तितकाच राग आला. तंतोतंत तितकाच. मोटारवाल्यानंतर मी! यादी मीच आणवलेली, क्रम मला पाठ, आणि तरी कानामागे तीच आग आणि जिभेवर तेच वाक्य. काळ वळून आला होता यात शंका नाही. पण त्याच्याबरोबर मीही तसाच्या तसा आलो होतो.

छगन माझ्यासमोर उभा होता. ही कोणती यादी आहे ते त्याला आता कळलं होतं. त्याने हात पुढे केले, ते रिकामे होते; पोती जीपमध्ये होती. त्याने इकडेतिकडे पाहिलं. मग स्वतःच्या डोक्यावरची टोपी काढली आणि माझ्या डोक्यावर ठेवली.

माझा हात वर गेला. कॅमेऱ्यात तो दिसतो.

"हात खाले कर," छगन दातओठ खात म्हणाला. "आनि पुढलं आयक. त्या दिवस तू पुढलं आयकंच नही, गाढवा."

"सन्माननीय," वाहरू म्हणाला, "वधूचे सख्खे काका. तीस."

छगनचा भाऊ वर आला.

"सन्माननीय, वधूचे मामा. एकतीस. यादी समाप्त."

पाहुणे आधी पुकारतात. घरची माणसं शेवटी. हे धानोऱ्यातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं आणि मलाही ठाऊक होतं. मी शेकडो लग्नं जेवलो आहे. धर्मेंद्र छगनचा मावसभाऊ आहे हेही मला ठाऊक होतं. पण रागात माणसाला नाती दिसत नाहीत, आकडे दिसतात. मावसभाऊ अठ्ठावीस. मी एकोणतीस. सख्खा भाऊ तीस. आणि मी चाळीस वेळा तो व्हिडिओ पाहिला होता, प्रत्येक वेळी १२.२६ला थांबवून.

छगनची टोपी चोवीस नंबरची निघाली. ती माझ्या भुवयांखाली उतरली. त्या वेळी ते सोयीचं झालं.

"चुकलो," मी टोपीच्या आतून म्हणालो. माइक चालू होता.

खाली शोभाबाई शेजारच्या बाईला म्हणाल्या, "मी हाईच सांगेल व्हतं. दोनशे पावलं."

मग आम्ही पंगतीला बसलो. छगनने सहा बट्ट्या खाल्ल्या आणि माझ्याशी एक शब्दही बोलला नाही. सातवी मात्र न विचारता माझ्या ताटात टाकली. अधिकाऱ्याने वरण दोनदा मागून घेतलं. नवरी न पाहताच परतावं लागलं म्हणून बऱ्याच बायका नाराज होत्या. अजितचा बदाम संध्याकाळच्या वाऱ्याने पडला.

सिद्धांताची पानं आता चव्वेचाळीस झाली आहेत. चव्वेचाळिसाव्या पानावर अजून काही लिहिलेलं नाही.

१३ मे २०१९ रोजी सकाळी नऊ वाजता छगन आमच्या दारात आला होता आणि मी आतल्या खोलीतून प्रमिलाबाईंना घरी नाहीत म्हणून सांगायला लावलं होतं.